पंधरा नंबर डार्क

४ नोव्हेंबर, मंगळवार

अप्पांचे डोळ्यांत घालायचे ड्रॉप्स आणायचे राहिले. उद्या आठवणीने.

आज ऑफिसात जे झालं ते अजून नीट कळलेलं नाही. जसं झालं तसं लिहून ठेवते.

साडेबाराला मोठ्या कंपनीतून फोन. केबल त्यांची, देखभाल आमची, त्यामुळे त्यांचे फोन रोजचेच. "कल्याण वेस्टला काही तुटलंय का?" स्क्रीन पाहिला, सगळं हिरवं. म्हटलं, आमच्याकडे काहीच बंद नाही. पंधरा मिनिटांनी परत फोन, परत तेच उत्तर. असं चार वेळा. चौथ्यांदा माझा आवाज चढला. "मॅडम, मी स्क्रीनसमोरच बसलेय ना," असं म्हणाले. आता लाज वाटते.

तीन वाजता उलगडा. एका स्कॅन सेंटरची लाइन पावणेबारापासून बंद. ते इथे स्कॅन काढतात, फोटो ठाण्याच्या हॉस्पिटलात जातात, तिथले डॉक्टर बघून रिपोर्ट देतात. ते फोटो आमच्या केबलमधल्या पंधरा नंबरच्या फायबरवरून जातात. आणि पंधरा नंबर सकाळी आमच्या साइटवर तारा जोडणाऱ्या गायकवाडकाकांनी कापून नव्या सोसायटीच्या केबलला जोडला होता.

का कापला? तर कुठल्या फायबरवर काय आहे याची जी माझी शीट आहे, तिच्यात पंधरापुढे "डार्क" लिहिलंय.

काकांनी पाच वाजता जुनं जोडून दिलं. फोनवर एवढंच म्हणाले, "झालं ताई. लागली लाइन." आणि फोन ठेवला.


५ नोव्हेंबर, बुधवार

दळवीसरांनी केबिनमध्ये बोलावलं. आठ वर्षं त्यांच्या हाताखाली आहे, पण आज पहिल्यांदा दार लावून घेतलं.

म्हणाले, "स्मिता, डार्क फायबर म्हणजे काय?"

म्हटलं, "रिकामी. टाकून ठेवलेली, पण आत उजेड सोडलेला नाही."

"नाही. डार्क म्हणजे भाड्याने दिलेली. तार आपली, मशीन भाडेकरूची. दोन्ही टोकांना त्याचं मशीन, उजेड त्याचा. आपल्याला आतलं काही दिसत नाही."

म्हणून स्क्रीन हिरवा होता. पंधरा नंबर माझ्या स्क्रीनवर कधी नव्हताच.

विचारलं, "मग रिकामीला काय म्हणायचं?"

"रिकामी म्हणायचं."

"सर, शीटमध्ये रिकामी असा शब्दच नाहीये. सगळीकडे डार्कच आहे."

सर लॅपटॉपकडे वळले. मग म्हणाले, तू जागेवर जा.

घरी आल्यावर नेटवर वाचलं. दोघांचंही बरोबर निघालं. आधी खरंच रिकाम्या तारांनाच डार्क म्हणत. कंपन्यांनी गरजेपेक्षा जास्त तारा पुरून ठेवलेल्या, त्या पडून. मग त्या भाड्याने द्यायला सुरुवात झाली. भाडेकरूने आत उजेड सोडला तरी नाव बदललं नाही. म्हणजे एकाच शब्दाचा एक अर्थ आत काही नाही, आणि दुसरा अर्थ आत कुणीतरी आहे. हे कुणाला खटकलं कसं नाही? मला कसं नाही खटकलं?

ड्रॉप्स आणले.


६ नोव्हेंबर, गुरुवार

गायकवाडकाकांचा फोन, लंचमध्ये. जिन्यात जाऊन घेतला.

त्यांच्याकडे एक चिमट्यासारखं यंत्र असतं. तार त्यात जरा वाकवून धरली की आत उजेड असेल तर दिवा लागतो, आणि उजेड कुठून कुठे चाललाय त्याचा बाण दिसतो. कापायच्या आधी ते लावायचं असा नियम आहे.

"ताई, यंत्र पिशवीतच होतं."

"बिघडलेलं का?"

"नाही. चांगलं होतं."

"मग लावलं का नाही, काका?"

"डार्क लिहिलेलं ना."

त्यांनी माझ्यावर ढकललं असंही नाही. पाऊस होता म्हणून छत्री घेतली, तसं सांगितलं. सव्वीस वर्षं हे काम करतायत. आधी तांब्याच्या तारा, मग ही काच.


७ नोव्हेंबर, शुक्रवार

पत्र आलं. काकांना चौकशी होईपर्यंत साइटवर पाठवायचं नाही. मला लेखी जबाब द्यायचाय. चौदा तारखेला ठाण्याला, मोठ्या कंपनीच्या ऑफिसात.

जबाबात मुद्दा एकच. वाक्य जसंच्या तसं उतरवते: "सदर नोंद करताना 'डार्क' हा शब्द आपण कोणत्या अर्थाने लिहिला?"

चार वेळा वाचलं. प्रश्न सोपा आहे. उत्तर माझ्याकडे असायला हवं. दुसऱ्या कुणाकडे असणार?


८ नोव्हेंबर, शनिवार

सुट्टी असून ऑफिसला गेलेले. टिटवाळ्याहून रिकामी गाडी मिळाली, तेवढंच बरं झालं.

शीट मी मे महिन्यात बनवली. दोन याद्या एकत्र करून. एक मोठ्या कंपनीच्या प्लॅनिंगची, टाइप केलेली. दुसरी आमच्या, काकांसारख्या जॉइंटरांनी साइटवर हाताने लिहिलेली. प्लॅनिंगवाले डार्क म्हणतात तेव्हा भाड्याची. जॉइंटर म्हणतात तेव्हा रिकामी. मी दोन्ही उचलून एका रकान्यात टाकल्या. रकान्याचं नाव "स्थिती". शब्द सारखा दिसला, सारखाच लिहिला.

पंधरा नंबर कुठल्या यादीतून आला?

हाताने लिहिलेले कागद जुलैत ऑफिस हललं तेव्हा गेले. प्लॅनिंगची फाइल माझ्या जुन्या कॉम्प्युटरमध्ये होती, तो परत गेला. मोठ्या कंपनीकडे मागितली तर म्हणतात आता नवीन यादी आहे, जुनी ठेवत नाही. नवीन यादीत पंधरा भाड्याचा आहे. पण ते आताचं. मेमध्ये काय होतं?

आठवायचा प्रयत्न केला. मेमध्ये अप्पांचं मोतीबिंदूचं ऑपरेशन होतं, मी अर्धा दिवस येत होते. टेबलावर कलिंगडाच्या फोडींचा डबा असायचा, हे आठवतं. चौदा नंबर लिहिलेला आठवत नाही, सोळा आठवत नाही. पंधरा कसा आठवेल.


९ नोव्हेंबर, रविवार

अप्पांना सगळं सांगितलं. लपवणार होते, पण जेवताना त्यांनी विचारलंच. तीस वर्षं टेलिफोनमध्ये काढली, त्यांना तारेतलं कळतं. निदान तांब्याच्या.

त्यांना शब्दाचाच राग आला. "भाड्याने दिलेल्या अंधारात उजेड असतो, हे काय बोलणं झालं? अंधार म्हणजे अंधार."

म्हटलं, "अप्पा, तसं नाही ते. भाड्याने देणाऱ्याच्या बाजूने अंधार."

"म्हणजे मी डोळे मिटले की खोलीत दिवा नाही, असं?"

हसू आलं. पण बरोबर तेच आहे.

मग म्हणाले, "पण स्मिता, आम्ही तारांची कोणतीही जोडी कापण्यापूर्वी तिला फोन लावून ऐकत असू. कागदावर काहीही लिहिलेलं असो. कुणी बोलत असेल तर थांबत असू."

"म्हणजे चूक काकांची?"

"मी असं म्हटलं का?"

"मग माझी?"

"तसंही मी म्हटलेलं नाही."

पेपर उघडून बसले. मला इतका राग आला की भांडी आपटत घासली. कुणाचा राग ते कळलं नाही. त्यांचं म्हणणं खरं असेल तर माझ्यावरचं ओझं कमी होतं, आणि तेच मला नको होतं. की हवं होतं?


११ नोव्हेंबर, मंगळवार

ऑफिस सुटल्यावर विठ्ठलवाडीला काकांकडे गेले. फोन न करता. स्टेशनवरून दहा मिनिटं, विहाराच्या मागची चाळ. आठ वर्षांत पहिल्यांदाच गेले. सुनंदावहिनींनी ओळखलं. "तुम्ही शीटवाल्या स्मिताताई ना?"

काका घरात बसून मिक्सर उघडून दुरुस्त करत होते. घरी असलेला माणूस नुसता बसू शकत नाही.

मी शब्दाचे दोन अर्थ सांगायला लागले. काका ऐकत होते, पण पटत नव्हतं. वहिनी मात्र चहा ठेवता ठेवता म्हणाल्या, "आमच्या कोपऱ्यावरची ती खोली नाही का, रिकामी खोली."

काका म्हणाले, "तिचं काय?"

"तिच्यात तीन वर्षं तो शिलाईवाला राहतोय बायकोपोरांना घेऊन. पण सगळे अजून रिकामी खोलीच म्हणतात. परवा पाहुण्यांना सांगितलं, रिकाम्या खोलीशेजारून वळा. ते म्हणे, तिथे तर कपडे वाळत घातलेत."

काकांनी स्क्रू खाली ठेवला. म्हणाले, "पण मी दार वाजवलं असतं ना. न वाजवता कुणाच्या घरात शिरलो नसतो."

मग वहिनींनी जेवूनच जा म्हणून धरून ठेवलं. सुकट आणि भाकरी. मी मुद्दाम काहीतरी विचारायला गेलेले, काय ते आठवलंच नाही. निघताना काकांनी विचारलं, "जबाबात काय लिहिणार?" म्हटलं, "जे खरं आहे ते." खरं काय आहे ते मला माहीत असल्यासारखं.


१२ नोव्हेंबर, बुधवार

दळवीसरांनी मसुदाच पुढे ठेवला. एक वाक्य. "शीटमध्ये डार्क हा शब्द करारातील व्याख्येप्रमाणे, म्हणजे भाड्याने दिलेली फायबर, या अर्थाने लिहिला आहे."

करारात तशी व्याख्या आहे. मागच्या पानांवर, बारीक अक्षरात. मी आज पहिल्यांदा वाचली.

"असं लिहिलंस की शीट बरोबर ठरते," सर म्हणाले. "शीट बरोबर म्हणजे आपली कंपनी बरोबर."

"आणि काका?"

"त्यांनी यंत्र लावलं नाही, हे तर आहेच. त्यांना काढणार नाही मी. दुसऱ्या शहरात लावू. नाशिकला काम निघतंय."

सर वाईट नाहीत. काम गेलं तर सगळ्यांचंच जाईल, हे खोटं नाही. त्यांच्या टेबलावर आज दोन कप होते, दोन्ही न प्यायलेले.

म्हटलं, "सर, मला आठवत नाही मी कुठल्या अर्थाने लिहिलं."

"आठवत नाही ना? मग हेही असू शकतं की."

असू शकतं. मसुदा पर्समध्ये ठेवला.


१३ नोव्हेंबर, गुरुवार

फोनमधले जुने मेसेज शोधले. सकाळी सहाला उठून, अप्पा उठायच्या आत.

ऑगस्टमधला एक सापडला. डोंबिवलीच्या कामाचा. मी काकांना: "काका, नऊ नंबर डार्क आहे, घ्या." काका: "ओके ताई." त्यांनी नऊ कापली, वापरली, काही झालं नाही. रिकामीच होती. असेच आणखी दोन. म्हणजे डार्क दिसलं की घ्यायची, हे त्यांना मीच शिकवलं. करारातली बारीक अक्षरं काकांना कुणी दाखवली होती?

पंधरा मिनिटं फार हलकं वाटलं. वाईट वाटून हलकं, कसं सांगू. निदान एक काहीतरी ठरलं.

मग ऑफिसच्या मेलमध्ये पाहिलं, उगाच. सप्टेंबरची माझीच मेल, मोठ्या कंपनीला: "बावीस नंबर डार्क आहे, भाडेकरूचं नाव कळवावे."

माझीच मेल. माझं नाव खाली.

म्हणजे ऑगस्टमध्ये मी डार्क म्हणते तेव्हा रिकामी, आणि सप्टेंबरमध्ये म्हणते तेव्हा भाड्याची. मधे कुणी मला नवीन अर्थ शिकवला असंही नाही. काकांशी बोलताना काकांचा शब्द, मोठ्या कंपनीशी बोलताना तिचा. मंगळवारी सरांसमोर किती खात्रीने, नाही, बुधवारी, "रिकामी" म्हणाले होते. ती खात्री कुठून आली?

काकांकडे मेसेज नसणार. ते रोज रात्री सगळे पुसतात, फोन भरतो म्हणून. माझ्याकडेच आहेत फक्त.

दोन्हींच्या प्रिंट काढल्या. सरांचा मसुदाही पर्समध्येच आहे. तीन कागद.


१४ नोव्हेंबर, शुक्रवार

ठाणे. सातवा मजला, एसी इतका की ओढणी गुंडाळून बसले. समोर तिघं. बोलल्या फक्त मधल्या बाई, पांढरे कापलेले केस, आवाज अगदी शांत. दळवीसर माझ्या बाजूला. काका बाहेर खुर्चीवर, इस्त्रीचा शर्ट घालून.

मी म्हटलं, आठवत नाही. मग दोन्ही प्रिंट दिल्या.

बाईंनी आधी मेसेज वाचला, मग मेल. परत मेसेज.

"म्हणजे तुम्ही दोन्ही अर्थांनी वापरता?"

"हो."

"आणि वाचणाऱ्याने ओळखायचं कसं?"

आत्ता लिहिताना सुचतंय की म्हणायला हवं होतं, तुमच्या यादीतही तोच शब्द आहे, तुम्ही कसं ओळखता? तेव्हा सुचलं नाही. सर माझ्याकडे बघतही नव्हते.

मग काकांना आत बोलावलं. मला वाटलेलं ते म्हणतील, शीटमध्ये लिहिलं होतं. त्यांनी खुर्चीवर बसायच्या आधीच सांगितलं, "माझी चूक आहे. यंत्र लावायला पाहिजे होतं. लावलं नाही."

बाईंनी विचारलं, "शीटमधला शब्द वाचून तुम्ही कापलीत ना?"

"शब्द काय मॅडम, शब्द असतो. हात माझा होता."

बाहेर आल्यावर स्टेशनजवळ चहा घेतला, दोघांनीच. सर गाडीने पुढे गेले. काका रागावलेले दिसले. इतक्या वर्षांत कधी पाहिले नव्हते.

"ते कागद कशाला दिले, ताई? मी कबूल करणारच होतो. तुमची नोकरी कशाला मधे घातली?"

"मग मी खोटं बोलायचं?"

"खोटं कुठे? तुम्हाला आठवतच नव्हतं. तेवढ्यावर थांबायचं होतं."

म्हणजे मी त्यांच्यासाठी केलं ते त्यांना नको होतं. आणि त्यांनी केलं ते मला नको होतं. आता मोठ्या कंपनीकडे दोघांचा कबुलीजबाब आहे. अप्पांना सांगितलं. ते म्हणाले, "चांगलं केलंस." मी विचारलं, कुणासाठी चांगलं? म्हणाले, ते आता लगेच कसं सांगू.


१७ नोव्हेंबर, सोमवार

हे कुणाला सांगितलेलं नाही. आज लंचमध्ये त्या स्कॅन सेंटरला गेले.

गेले दोन आठवडे एकच मनात. पावणेबारा ते पाच. त्या वेळात आत कोण झोपलेलं असेल मशीनमध्ये? सर एकदा म्हणाले होते, एका बाईंच्या डोक्याचं स्कॅन मोटरसायकलवरून ठाण्याला पाठवावं लागलं. तेवढंच. पुढे काय झालं त्यांना माहीत नाही.

रिसेप्शनवर एक मुलगी. अप्पांसाठी चौकशी करतेय असं खोटं सांगितलं. मग सहज विचारल्यासारखं, "मागे एकदा तुमची लाइन गेलेली ना? चार तारखेला?"

"चार का? असेल. जाते ना मधून मधून."

"मग रिपोर्ट?"

"सीडी पाठवतो माणसाबरोबर. होतो रिपोर्ट, थोडा उशीर होतो."

"त्या दिवशी कुणी सिरियस पेशंट..."

तिने वर बघितलं. "तुम्ही कोण?"

म्हटलं, कोणी नाही. काउंटरवरचं एक पत्रक घेऊन बाहेर आले. बाकावर एक म्हातारे गृहस्थ लिफाफा मांडीवर घेऊन बसले होते, शेजारची सून त्यांना पाणी देत होती. त्यांच्याकडे बघवलं नाही.

काही झालंच नसेल. किंवा झालं असेल आणि त्या मुलीला माहीत नसेल. आता यापुढे मला कळायचा काही मार्ग नाही. हेच बरं म्हणायचं का?


१९ नोव्हेंबर, बुधवार

दळवीसर कामापुरतं बोलतात. गुड मॉर्निंग बंद. मला राग येत नाही त्यांचा, हेही विचित्रच.


२१ नोव्हेंबर, शुक्रवार

निर्णय आला, म्हणजे आला नाही. चौकशी "प्रलंबित". तोपर्यंत शीटमधल्या प्रत्येक डार्कची साइटवर जाऊन खात्री करायची. रिकामी की भाड्याची, ते वेगळं लिहायचं. काकांना कामावर घ्यायचं, पण एकट्याने जॉइंट, म्हणजे तारांच्या जोडाचा डबा, उघडायचा नाही. कुणीतरी ऑफिसातलं बरोबर हवं.

सरांनी कागदावरून नजर न उचलता विचारलं, "जाशील?"

हो म्हटलं. आठ वर्षांत मी एकही जॉइंट उघडलेला पाहिलेला नाही.

शिवाय आणखी एक काम. जॉइंटरांसाठी मराठीत शब्दांचे अर्थ लिहून द्यायचे, म्हणजे परत घोळ नको. पहिलाच शब्द तो.


२४ नोव्हेंबर, सोमवार

कल्याण. रस्त्याच्या कडेचं झाकण काढलं, आतून केबलचं काळं वेटोळं वर घेतलं, व्हॅनच्या मागच्या टेबलावर डबा उघडला. डब्यात ट्रे, ट्रेमध्ये तारा. तारा कसल्या, केसासारख्या बारीक. रंगीत, झुळझुळीत. काका म्हणाले, श्वास जपून सोडा, ताई.

मी ज्यांना नंबर म्हणते ते हे. चौदा, पंधरा, सोळा. नारंगी ट्यूबमधली हिरवी म्हणजे पंधरा. तिच्यावर काकांनी चार तारखेला परत जोडताना घातलेली बारीक नळी दिसली. बोट लावायचा धीर झाला नाही.

काकांनी पंधराला चिमटा लावला. त्याची गरज नव्हती, ती भाड्याची हे आता सगळ्या जगाला माहीत आहे. दिवा लागला. बाण ठाण्याकडे. कुणाचं तरी डोकं, छाती, गुडघा चाललं असेल त्यातून. बाहेरून तर तार नुसती तार. उजेडाचा मागमूस नाही. कापायला हातात घेतली असती तर मलाही कळलं नसतं.

पाय दुखतायत. उद्या बूट घालून जायचं.


२७ नोव्हेंबर, गुरुवार

शब्दावर मेल चालल्यात. मी लिहिलं, डार्क हा शब्दच काढून टाकू. "रिकामी" आणि "भाड्याची", दोनच ठेवू. ठाण्याच्या प्लॅनिंगवाल्यांना नको. करारात डार्क आहे, करार कसा बदलणार? त्यांनी सुचवलं, रिकाम्यांना "अनलिट" म्हणा. त्यावर त्यांच्याच दुसऱ्या माणसाचं उत्तर: अनलिट कुणाच्या बाजूने? आपण उजेड सोडलेला नाही म्हणजे भाड्याचीही अनलिटच झाली.

काकांना वाचून दाखवलं. ते म्हणाले, यांना एक दिवस पाठवा इथे.

अप्पांनी "सुप्त" सुचवलं. काकांना विचारलं, सुप्त म्हणजे काय? म्हणाले, झोपलेली. मग म्हणाले, झोपलेली म्हणजे कुणीतरी आहेच की आत. अप्पांना हे सांगितल्यावर ते अर्धा तास शब्दकोश चाळत बसले, मग म्हणाले, त्यांचं बरोबर आहे.

आतापर्यंतच्या तपासात बहुतेक डार्क रिकाम्या निघाल्या. भाड्याच्या कमी. मला वाटलं याने काहीतरी सिद्ध होईल. काही होत नाही. पंधरा पंधराच राहतो.


१ डिसेंबर, सोमवार

आज सर व्हॅनपाशी आले, डोंबिवलीला. न कळवता. थोडा वेळ उभे राहून बघितलं. मी चिमटा धरलेला, काका आकडा सांगत होते, मी लिहीत होते.

सर म्हणाले, "मीही सुरुवातीला दोन वर्षं साइटवरच होतो."

काका म्हणाले, "माहीत आहे साहेब. डब्यातली पहिली तार मीच दाखवलेली तुम्हाला."

सर हसले. मग मला म्हणाले, "ठाण्याहून अजून काही नाही. जानेवारीत करार नव्याने होणार, तेव्हाच बघतील. कदाचित तुमच्या दोघांचं नाव निघेल, कदाचित विसरून जातील."

"तुम्हाला काय वाटतं?"

"मला आता काही वाटत नाही, स्मिता. तो मसुदा मी तुला द्यायला नको होता." आणि गाडीत बसून गेले.

माफी होती की नुसतं बोलणं, मला ठरवता आलं नाही. काका म्हणाले, पुढची घ्या, ताई, ऊन चढतंय.


४ डिसेंबर, गुरुवार

विठ्ठलवाडी. स्टेशनच्या पलीकडचा जॉइंट. सकाळपासून सात डार्क तपासल्या, सातही रिकाम्या. चिमटा लावायचा, दिवा नाही, "रिकामी" लिहायचं. हात सरावलाय आता.

एकतीस नंबर, हिरव्या ट्यूबमधली लाल. शीटमध्ये डार्क. भाडेकरूंच्या यादीत नाही. आमच्या स्क्रीनवर नाही. चिमटा लावला, दिवा लागला.

काका म्हणाले, परत लावा. परत लावला. लागला. दुसऱ्या बाजूने लावला. तरी लागला. बाण कल्याणकडे.

ठाण्याला फोन केला. प्लॅनिंगच्या माणसाने यादी बघितली. "त्यावर कुणी नाही, मॅडम. डार्क आहे ती."

"कुठल्या अर्थाने?"

"म्हणजे... कुणी नाही त्यावर."

"आत उजेड आहे."

"असू शकत नाही."

फोन स्पीकरवर होता. काकांनी परत चिमटा लावून दिव्याकडे बघितलं. म्हणाले, "साहेब, समोर लागलाय दिवा."

तो म्हणाला, मशीन खराब असेल. मग शेजारच्या तीस नंबरला लावून बघितलं, तिथे दिवा नाही. परत एकतीसला लावला, लागला. त्याला सांगितलं. म्हणाला विचारून कळवतो. चारपर्यंत थांबलो, कळवलं नाही.

कुणाची असेल? जुना भाडेकरू, ज्याचा करार संपला आणि मशीन चालूच राहिलं? कुणी न सांगता वापरतंय? की कधीतरी कुणीतरी आपल्यासारखंच चुकून जोडून ठेवलं? काका म्हणाले, "कुणाचं तरी काहीतरी चाललंय आतून, एवढं खरं." पंधरा मिनिटं आम्ही दोघं त्या लाल तारेकडे बघत बसलो.

तिला तशीच ट्रेमध्ये ठेवली. काकांनी डबा बंद केला, मी झाकणाचे स्क्रू हातात दिले.

मग रकाना भरायचा होता. रिकामी लिहिता येत नाही. भाड्याची लिहिता येत नाही. डार्क लिहायला आता बंदी आहे. व्हॅनच्या पायरीवर बसून शेवटी लिहिलं: "एकतीस. आत उजेड आहे. कोणाचा ते माहीत नाही. कापू नये." खाली सही केली.

काकांनी पेन मागून घेतलं आणि माझ्या सहीशेजारी स्वतःची केली. त्यांच्या सहीची गरज नव्हती. मी तसं म्हणाले नाही.